दिनविशेष : ९ मार्च १९४३ – मुरगाव बंदरातली ती रात्र

दुसरे महायुद्ध पेटले तेव्हा एरेनफेल्स, ड्राखनफेल्स आणि ब्राउनफेल्स या तीन जर्मन व्यापारी जहाजांनी मुरगाव बंदराचा आसरा घेतला. पोर्तुगाल तटस्थ असल्याने गोव्याच्या पाण्यात त्यांना हात लावणे ब्रिटिशांना शक्य नव्हते. पण हिंदी महासागरात मित्रराष्ट्रांची जहाजे बुडत होती. त्यांच्या हालचालींची खबर एरेनफेल्सवरच्या छुप्या रेडिओ ट्रान्समीटरवरून जर्मन पाणबुड्यांना पोहोचते, असा ब्रिटिश हेरखात्याचा कयास होता.

तो ट्रान्समीटर बंद पाडायला गणवेशातले सैनिक पाठवणे म्हणजे तटस्थतेचा उघड भंग. म्हणून ब्रिटिश अधिकारी कर्नल लुईस प्यू यांनी निवडले ते ‘कलकत्ता लाइट हॉर्स’मधले हौशी स्वयंसेवक. एरवी कचेऱ्यांत काम करणारे हे लोक, बरेचसे चाळिशी-पन्नाशीतले! ‘फीबी’ नावाचा गाळ वाहणारा संथ बार्ज कलकत्त्याहून किनाऱ्याने निघाला. मंडळी रेल्वेने कोचीनला जाऊन त्यावर चढली.

९ मार्चच्या रात्री त्यांनी अंधारात एरेनफेल्स गाठले. झटापटीत जहाजाचा कप्तान मारला गेला आणि ट्रान्समीटर कायमचा बंद पडला. जहाज शत्रूच्या हाती लागू नये म्हणून खलाशांनीच ते बुडवले. ते पाहून इतर जहाजांनीही तेच केले.

या माणसांना ना पदक मिळाले, ना जाहीर शाबासकी. त्यांचे धाडस पस्तीस वर्षे झाकलेले राहिले, याची हळहळ वाटते. १९७८ मध्ये जेम्स लीझर यांच्या पुस्तकाने ते उजेडात आणले. त्यावरच १९८०चा ‘द सी वुल्व्ह्ज’ हा चित्रपट बेतला; त्याचे चित्रीकरण गोव्यातही झाले.