लग्नानंतरची प्रेमकथा : 'गाभ्रीचा पाऊस' आणि 'तेरवं'

यवतमाळ येथे जानेवारी २०१९ मध्ये भरलेल्या ९२ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे उद्घाटन वैशाली येडे यांच्या हस्ते झाले. नयनतारा सहगल यांचे निमंत्रण आयोजकांनी मागे घेतल्यावर हा मान कळंब तालुक्यातील राजूरच्या या शेतकरी महिलेकडे आला. त्यांच्या पतीने २०११ मध्ये आत्महत्या केली होती. 'तेरवं' या नाटकात त्या भूमिकाही करीत होत्या. निमंत्रणाच्या वादावर रकानेच्या रकाने छापून आले. नाटकाची चर्चा मात्र त्या मानाने कमीच झाली.

लोकप्रिय प्रेमकथा बहुधा लग्नापाशी संपते. कापूसपट्ट्यातील कलाकृतींत ती लग्नानंतर, पेरणी आणि कर्जाच्या हिशेबात सुरू होते. सतीश मनवर दिग्दर्शित 'गाभ्रीचा पाऊस' (२००९) हे याचे ठळक उदाहरण. शेजारच्या शेतकऱ्याने आत्महत्या केल्यावर अलकाच्या (सोनाली कुलकर्णी) मनात भीती बसते, की आपला किसनाही (गिरीश कुलकर्णी) त्याच वाटेने गेला तर? ती लहानग्या दिनूला बापाच्या मागे पाठवते, नवऱ्याला आवडीचे गोडधोड करून घालते. किसनाच्या डोक्यात तसले काही नसते. त्याला चिंता पावसाची. बायकोच्या या नव्या मायेने तो गोंधळतो, वैतागतोही. अलकाचे प्रेम बोलण्यात नाही, पहाऱ्यात आहे. आणि त्या पहाऱ्यात सासूपासून मुलापर्यंत सारे घर ओढले जाते. वऱ्हाडीत 'गाभ्रीचा' ही शिवी आहे. ती पावसाला दिलेली असली, तरी तिच्यात वाट पाहणेही आहेच. हा चित्रपट रॉटरडॅमच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवातही दाखविला गेला.

अलकाची भीती जेथे खरी ठरते, तेथून 'तेरवं' सुरू होते. तेरवं म्हणजे मृत्यूनंतरचा तेरावा दिवस. त्या दिवशी पाहुणे परततात आणि बाई घरात उरते. सातबारा सासऱ्याच्या किंवा दिराच्या नावे असला, की त्याच घरातील तिच्या हक्काचा प्रश्न उभा राहतो. श्याम पेठकर लिखित आणि हरीश इथापे दिग्दर्शित या नाटकात व्यावसायिक अभिनेत्री घेण्यात आल्या नाहीत. शेतकऱ्यांच्या विधवांनीच त्यातील भूमिका केल्या. दिवसभर मजुरी आणि घरकाम करणाऱ्या या महिलांना संवाद पाठ करणे नवे होते. त्यातील प्रसंग मात्र नवे नव्हते.