बार्ट कोणाचा?

आमच्या पिढीला विडंबन म्हटलं की आचार्य अत्र्यांची ‘झेंडूची फुले’ आठवतात. मूळ कविता ठाऊक नसेल तर त्यातली गंमत निम्मी होते. विडंबनकार आधी चांगला वाचक असावा लागतो, एवढं मनात धरून आज आपण अमेरिकेत जाऊ या.

तिथल्या ‘द सिम्पसन्स’ या कार्टून मालिकेत १९९६ साली एक छोटा प्रसंग आला. मुख्याध्यापक स्किनर वरिष्ठांना जेवायला बोलावतात, मांस करपतं, मग हॉटेलातले बर्गर आणून ते घरचेच म्हणून वाढतात. मुळात हीच साहेब-जेवायला-येतात छापाच्या जुन्या विनोदी मालिकांची थट्टा. वीसेक वर्षांनी चाहत्यांनी या थट्टेची थट्टा सुरू केली. एका चित्रफितीत दर तेरा सेकंदांनी चित्रकार बदलतो. संवाद तेच, आग तीच, चेहरे निराळे. मजेदार आहे, जरूर पाहा. पण हा प्रकार इंटरनेटने जन्माला घातला असं कोणी म्हणालं, तर आम्ही मान्य करणार नाही.

मालिका सुरू झाली डिसेंबर १९८९ मध्ये. पुढच्याच वर्षी अमेरिकन शहरांच्या फुटपाथवर टी-शर्ट विकायला आले. त्यांवर मालिकेतला दहा वर्षांचा व्रात्य बार्ट होता, पण काळा. कुठे बॉब मार्लीसारख्या जटा, कुठे मायकल जॉर्डनची उडी, कुठे शेजारी नेल्सन मंडेला. मंडेला त्याच फेब्रुवारीत तुरुंगातून सुटले होते आणि जूनमध्ये अमेरिकेत आले होते, हे लक्षात घ्या.

कंपनीच्या लेखी हा नकली माल. ती कोर्टात गेली, आणि मालक या नात्याने तिचं चुकलं असंही नाही. पण चोरी म्हणून विषय संपत नाही. बार्टचा रंग पिवळा. घर, शाळा, शेजार मात्र गोऱ्या अमेरिकेचा. मास्तरांना न जुमानणारं हे पोर कृष्णवर्णीयांनी ओळखलं, हा तर आपल्यातलाच! बोलावण्याची वाट न पाहता ते पंगतीत पाट मांडून बसले.

अडचण अशी की पाट कोणीही मांडू शकतो. आखाती युद्धाच्या वेळी बार्ट सद्दामवर तुटून पडला, आणि वंशद्वेष्ट्यांनी तर त्याला नाझी करून टाकलं. हे ऐकायला सुखाचं नाही, पण लपवून कसं चालेल?

मग निवड कशाने करायची? १९९४ साली ‘कॅम्पबेल विरुद्ध अ‍ॅकफ-रोज’ खटल्यात अमेरिकन सर्वोच्च न्यायालयापुढे एका गाण्याचं रॅप विडंबन आलं. विडंबनातून पैसा मिळाला एवढ्यावरून ते बेकायदा ठरत नाही, असं न्यायालय म्हणालं. मात्र उसनवारी मूळ कृतीबद्दल काही बोलण्यासाठी आहे, की नुसतं लक्ष वेधण्यासाठी, हे पाहावं लागतं.

ही कसोटी कायद्याची. आम्ही ती जरा सैल करून वापरतो. नाझी बार्ट मूळ बार्टबद्दल काहीच बोलत नव्हता, त्याला फक्त ओळखीचा चेहरा हवा होता. काळा बार्ट बोलत होता. स्प्रिंगफिल्डच्या त्या गल्लीत आपलं घर मध्यावर का नाही, हे तो विचारत होता, आणि तेही दहा-वीस डॉलरांच्या शर्टावरून.