पटकथाकार गदिमा आणि बिदरचा दामाजी

ग. दि. माडगूळकरांचे नाव निघाले की आपल्याकडील जुन्या मराठी घरांत प्रथम ‘गीतरामायण’ आठवते. ते स्वाभाविकच आहे. १९५५ साली पुणे आकाशवाणीवरून त्याचा आरंभ झाला, तेव्हा आपली मुडबी हैदराबाद राज्यात होती. १ नोव्हेंबर १९५६ रोजी बिदर जिल्हा म्हैसूर राज्यात गेला. राज्य बदलले तरी ती छप्पन्न गीते आपल्या घरांतून गेली नाहीत. परंतु या कीर्तीच्या प्रकाशात गदिमांची चित्रपटातील कामगिरी काहीशी झाकली गेली, असे मला वाटते.

१ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे येथे जन्मलेला हा मुलगा औंध संस्थानात वाढला. घरी दारिद्र्य, त्यात मॅट्रिकचे अपयश. पोटासाठी त्यांनी चित्रसृष्टीची वाट धरली आणि ‘ब्रह्मचारी’ (१९३८) या चित्रपटात लहानशी भूमिका केली. पुढे नवयुग चित्रसंस्थेत के. नारायण काळे यांच्या हाताखाली लेखनाचे धडे मिळाले.

गीतकार म्हणून संधी मिळाली ती ‘भक्त दामाजी’ (१९४२) या चित्रपटात. दामाजीपंत हे मंगळवेढ्याचे अधिकारी, पण चाकरी बिदरच्या बादशहाची. दुष्काळात त्यांनी सरकारी कोठारे रयतेसाठी खुली केली आणि विठोबाने महाराच्या रूपाने बिदरला जाऊन धान्याची रक्कम भरली, अशी कथा आहे. आयुष्य सरकारी हिशेबात घालविलेल्या माझ्यासारख्याला ती विशेष जवळची वाटते.

‘रामजोशी’ (१९४७) या चित्रपटाने गदिमांचे सारे गुण एकत्र आणले. सोलापूरच्या या शाहिराची कथा, संवाद व गीते त्यांनी लिहिली आणि त्यात भूमिकाही केली. त्यांचे संवाद बोलण्याजोगे असत, याचे एक कारण ते स्वतः नट होते, हे असावे.

हिंदीतील ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) ही कथाही त्यांचीच. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे १९३९ साली कैद्यांची मुक्त वसाहत सुरू झाली होती. गदिमांच्या माडगूळ गावाच्या त्या मुलुखातील प्रयोगावर आधारलेल्या या चित्रपटाचा १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात गौरव झाला.

१९६९ साली पद्मश्री आणि १९७३ साली यवतमाळच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना लाभले. १४ डिसेंबर १९७७ रोजी ते निवर्तले.

या कारकिर्दीतून मला एक गोष्ट दिसते. गदिमांना विषयासाठी दूर जावे लागले नाही. मंगळवेढे, सोलापूर, आटपाडी एवढ्या टापूत त्यांना तो सापडला. आपली नातवंडे आता कन्नड व इंग्रजी शाळांत शिकतात, आणि ते योग्यच आहे. पण आपल्या आजी-आजोबांनी सांगितलेल्या या भागातील कथा आपल्यापैकी किती जणांनी लिहून ठेवल्या आहेत? मीही अद्याप एकही लिहिलेली नाही.