खुंटीवरचं लायसन्स

मराठीत एखादी गोष्ट खुंटीला टांगली की तिचा विषय संपला. अमेरिकेतल्या घरांच्या दलालीत मात्र नेमकं उलटं. तिथे लायसन्स 'टांगलं' म्हणजे माणूस धंद्याला लागला. साधा सेल्स एजंट तिथे स्वतःच्या जिवावर सौदा करू शकत नाही, त्याला कुठल्यातरी ब्रोकरच्या हाताखालीच राहावं लागतं. पूर्वी त्याचं छापील लायसन्सही त्या ब्रोकरच्याच कचेरीत टांगलेलं असायचं. एजंटाने रामराम ठोकला की ब्रोकर ते उतरवून सरकारी खात्याकडे धाडून देई. माणूस तोच, परीक्षाही पास झालेली, पण कागद उतरला की दलालीवरचा हक्क गेला. पुढचा ब्रोकर मिळेपर्यंत लायसन्स जिवंत, पण झोपलेलं. आजच्या कायद्यात या अवस्थेचं नाव 'इनअ‍ॅक्टिव्ह'.

मुळात हा कागद आला तो या धंद्याचं नाव फार खराब झालं म्हणून. नकाशा काखेत मारून कुणीही जमिनी विकत सुटावं, असा तो काळ. १९०८ साली शिकागोत दलालांच्या स्थानिक मंडळांनी एकत्र येऊन राष्ट्रीय संघटना काढली आणि १९१३ मध्ये स्वतःसाठी आचारसंहिता लिहिली. १९१७ मध्ये कॅलिफोर्नियाने परवान्याचा कायदा केला, तो कोर्टात टिकला नाही. १९१९ मध्ये सुधारून पुन्हा आणला, तो टिकला. न्यूयॉर्कने १९२२ मध्ये तीच वाट धरली. सरकारने लगाम घालावा म्हणून धंदेवाल्यांनीच जोर लावला होता, हे विशेष. लोकांचं भलं व्हावं हा हेतू होताच, पण उपटसुंभांची गर्दी हटली तर जुन्यांना कुठे नको होतं?

ही गर्दी काय चीज असते, ते फ्लोरिडाने १९२५ मध्ये दाखवलं. मायामीत तेव्हा २५ हजार एजंट होते असं म्हणतात. गुडघ्याखाली बांधलेल्या निकर घालून पोरं फ्लॅगलर स्ट्रीटवर प्लॉटचे 'बाइंडर' विकत. बाइंडर म्हणजे आपल्याकडची इसार पावती. किमतीचा दहावा हिस्सा भरायचा आणि पुढचा हप्ता यायच्या आत ती पावती चढ्या भावाने तिसऱ्याच्या गळ्यात मारायची. दुपारपर्यंत एकच पावती चार हातांतून फिरायची आणि जमीन यांतल्या एकानेही पाहिलेली नसायची. गर्दीने रस्ते तुंबले, तेव्हा रस्त्यात जमीन विकायला, एवढंच काय नकाशा उघडायलाही नगरपालिकेने बंदी घातली. बॉस्टनला ठकवून तुरुंग भोगून आलेला चार्ल्स पॉन्झी जॅक्सनव्हिलजवळचे दलदलीतले तुकडे विकायला याच सुमारास फ्लोरिडात उतरला, यात नवल ते काय! जानेवारी १९२६ मध्ये 'प्रिन्स वाल्डेमार' हे जहाज मायामी बंदराच्या तोंडाशीच कलंडलं आणि बांधकामाचा माल अडकला. सप्टेंबरात चक्रीवादळ आलं. तेजी आधीच ओसरू लागली होती, उरलंसुरलं वाऱ्याने नेलं.

आज त्याच फ्लोरिडात लायसन्सच्या झोपेचे दोन प्रकार आहेत. एक आपखुशीची: एजंट अर्ज करून बाजूला होतो, दर दोन वर्षांनी फी भरतो, १४ तासांचं शिक्षण पुरं करतो आणि वर्षानुवर्षं तसाच राहू शकतो. दुसरी लादलेली. तिथली लायसन्सं ३१ मार्चला नाहीतर ३० सप्टेंबरला संपतात. ती तारीख हुकली की दुसऱ्याच दिवशी लायसन्स आपोआप इनअ‍ॅक्टिव्ह. वर्षभरात जाग आली तर १४ तासांचा अभ्यास, दुसऱ्या वर्षात आली तर २८ तासांचा. दोन वर्षं उलटली तर लायसन्स कायमचं बाद, मग ६३ तासांच्या वर्गापासून परीक्षेपर्यंत सगळं पुन्हा. शिवाय ब्रोकरचं लायसन्स निलंबित झालं, तर त्याच्या हाताखालच्या एजंटांचीही लायसन्सं झोपतात. खोट एकाची, भुर्दंड सगळ्यांना.

तेजी-मंदीबरोबर ही माणसं भरती-ओहोटीसारखी येतात आणि जातात. राष्ट्रीय संघटनेचे २००६ मध्ये साडेतेरा लाख सभासद होते. घरांचा बाजार कोसळल्यावर २०१२ पर्यंत ते दहा लाखांवर आले, आणि २०२२ च्या तेजीत सोळा लाखांच्या घरात गेले. दोन तेजींच्या मधल्या काळासाठी तिथे एक पळवाटही निघाली आहे, रेफरल कंपनी. लायसन्स तिच्याकडे ठेवायचं, घरं दाखवत फिरायचं नाही, ओळखीचं गिऱ्हाईक दुसऱ्या एजंटाकडे पाठवायचं आणि दलालीतला वाटा घ्यायचा. लायसन्स कागदोपत्री जागं, माणूस मात्र घरी निवांत.

महाराष्ट्रात दलालाला असा कागद लागायला २०१७ उजाडलं. तोवर पानाच्या गादीवर, इस्त्रीच्या दुकानात, सोसायटीच्या वॉचमनकडेही घरं 'बघायला' मिळत. भाड्याला महिन्याचं भाडं, विक्रीला टक्का-दोन टक्के, सगळा व्यवहार तोंडी. घरबांधणी व्यवसायाच्या नियमनासाठी आलेल्या रेरा कायद्याने प्रकल्पातली घरं विकणाऱ्या एजंटाला पाच वर्षांची नोंदणी सक्तीची केली, पण तिला परीक्षा नव्हती. २०२३ मध्ये महारेराने, म्हणजे या कायद्याखालच्या राज्यातल्या प्राधिकरणाने, २० तासांचं प्रशिक्षण आणि सक्षमतेचं प्रमाणपत्र बंधनकारक केलं, मुदतही वाढवून दिली. तरी जानेवारी २०२४ मध्ये सुमारे २० हजार एजंटांची नोंदणी वर्षभरासाठी स्थगित करावी लागली. अट फ्लोरिडाच्या दुसऱ्या झोपेसारखीच होती: वर्षाच्या आत परीक्षा पास होऊन प्रमाणपत्र महारेराच्या संकेतस्थळावर चढवलं तर नोंदणी पुन्हा चालू, नाहीतर रद्द. अनेक वर्षं जिभेच्या जोरावर सौदे जुळवलेली माणसं त्यानंतर पन्नाशीत वह्या घेऊन प्रशिक्षणाला बसली.