रेषेची माया

१७ ऑगस्ट १९०८ रोजी फ्रान्समध्ये एक चिमुकला मूकपट प्रदर्शित झाला. नाव ‘फांतास्मागोरी’, लांबी जेमतेम दीड मिनिटाची. काळ्या पडद्यावर चित्रकाराचा हात येतो, पांढऱ्या रेषांनी एक विदूषक रेखाटतो आणि मग त्या रेषांना आवरच राहत नाही. मद्याच्या बाटलीचे फूल होते, फुलाच्या देठातून हत्तीची सोंड निघते, हत्तीचे पाहता पाहता घर होते. खिडकीतून उडी मारून विदूषक मोडतो, तेव्हा चित्रकाराचेच हात त्याला पुन्हा जोडतात. रामायणातला मारीच मृग झाला तो रावणाच्या कार्यासाठी. या हत्तीला घर होण्याचे काहीच प्रयोजन नाही. सारी मौज त्यातच आहे.

हा खेळ मांडणारा एमील कोल तेव्हा ५१ वर्षांचा होता. व्यंगचित्रकार आंद्रे जिल याचा तो शिष्य; तर्कसंगतीची थट्टा करणाऱ्या ‘असंबद्ध’ नावाच्या कलावंत मंडळातही वावरलेला. गोमों कंपनीच्या या पटासाठी त्याने सुमारे ७०० चित्रे काढली. खालून उजळलेल्या काचेवर आधीचे चित्र ठेवायचे, वर कोरा कागद पसरून रेषा किंचित बदलून काढायची आणि प्रत्येक चित्र दोनदा टिपायचे. शाई काळी नि कागद पांढरा. परंतु पडद्यावर चित्र उलट रंगात उमटल्याने फळ्यावरील खडूचा भास होई. हा फळा अमेरिकेतील ब्लॅक्टनने १९०६ मध्येच वापरला होता. मात्र त्याच्या फळ्यावरचे चेहरे चेहरेच राहिले.

प्रत्येक वेळी सारे चित्र नव्याने काढावे लागे, हे कष्ट खरे. पण त्यामुळेच कशालाही काहीही होण्याची मुभा होती. १९१४ च्या सुमारास अर्ल हर्डने पारदर्शक सेल्युलॉइडचा उपयोग शोधला. पार्श्वभूमी एकदाच रंगवायची, हलणारे पात्र तेवढे बदलायचे. श्रम वाचले, परंतु अनेक हातांतून जाणाऱ्या पात्राला आता आपला चेहरा सांभाळणे भाग पडले. फेलिक्स मांजराच्या शेपटीत ती जुनी माया पुढेही काही वर्षे टिकली, एवढेच.

१९१२ मध्ये कोल न्यू जर्सीस गेला. तेथील त्याचे बहुतेक पट १९१४ च्या आगीत नष्ट झाले. डिसेंबर १९३७ मध्ये लॉस एंजेलिसला डिस्नेचा ‘स्नो व्हाइट’ झळकला. त्यातही राणीची म्हातारी होते. पण ती मारीचाच्या वळणाची, हेतू धरून. त्यानंतर महिन्याभरात, २० जानेवारी १९३८ रोजी, कोल दारिद्र्यात वारला.