युरियाचा उगम आणि मूत्रपिंडांचे काम

एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी युरोपातील शरीरशास्त्रज्ञांना पडलेला प्रश्न असा होता, की मूत्रात सापडणारा युरिया मूत्रपिंडे स्वतः तयार करतात, की तो रक्तात आधीपासूनच असतो आणि ती त्याला फक्त बाहेर काढतात. मूत्र मूत्रपिंडांकडूनच मूत्राशयात उतरते, हे दुसऱ्या शतकात गेलनने जिवंत प्राण्यांच्या मूत्रवाहिन्या बांधून दाखवले होते. युरिया हे नायट्रोजनयुक्त द्रव्यही १७७३ मध्ये पॅरिसच्या रुएलने मूत्रातून मिळवले होते. पण त्याच्या उगमाविषयी या दोहोंतून काहीच निष्पन्न होत नव्हते.

१८२१ मध्ये जिनिव्हा येथे प्रेव्हो आणि द्युमा यांनी प्राण्यांची दोन्ही मूत्रपिंडे काढून टाकली आणि त्यानंतर काही दिवस जगलेल्या त्या प्राण्यांच्या रक्ताची तपासणी केली. मूत्रपिंडे युरिया बनवत असती, तर ती गेल्यावर युरिया दिसायला नको होता. प्रत्यक्षात तो रक्तात साचलेला आढळला. निरोगी रक्तात तो तोवर सापडला नव्हता, याचे कारण एवढेच की मूत्रपिंडे तो सतत काढून टाकत असल्याने उरणारी मात्रा त्या काळच्या रासायनिक कसोट्यांना जाणवण्याइतकी नव्हती. भुलीची औषधे वापरात येण्यापूर्वीचा हा प्रयोग क्रूर होता, हे नाकारता येत नाही. मात्र त्याचा निष्कर्ष निर्विवाद होता.

युरिया बाहेर कसा पडतो, यावरचा वाद त्याहून चिवट ठरला. मूत्रपिंडातील सूक्ष्म रक्तवाहिन्यांचा पुंजका, म्हणजे केशिकागुच्छ, ज्या पिशवीत बसलेला असतो ती पुढे मूत्रनलिकेतच उघडते, हे लंडनच्या विल्यम बोमनने १८४२ मध्ये दाखवले. गुच्छातून केवळ पाणी झिरपते आणि युरियासारखी द्रव्ये नलिकेच्या पेशी त्यात सोडतात, असे त्याचे मत होते. त्याच वर्षी कार्ल लुडविगने उलट मांडणी केली: रक्तदाबामुळे प्रथिने वगळता बहुतेक सर्व विरघळलेली द्रव्ये गुच्छातच गाळली जातात आणि नलिका त्यांतील पाणी परत शोषून घेते. ८० वर्षांहून अधिक काळ दोन्ही पक्षांकडे युक्तिवाद भरपूर होते, पण त्या पिशवीतला द्रव कोणीच तपासला नव्हता. तो १९२४ मध्ये फिलाडेल्फियात वर्न आणि रिचर्ड्स यांनी बेडकाच्या मूत्रपिंडातून अतिसूक्ष्म काचनळीने काढला. मूत्राशयातील मूत्रात नसलेली साखर त्या थेंबात होती. अर्थात ती गाळली गेली होती आणि वाटेत परत शोषली गेली होती. लुडविगचा पक्ष मुख्यतः खरा ठरला, तरी नलिका काही द्रव्ये स्वतःहूनही मूत्रात सोडतात; पक्ष्यांमध्ये तर नायट्रोजनचा बराचसा भाग यूरिक आम्लाच्या रूपाने याच मार्गाने जातो.

मनुष्याच्या मूत्रपिंडांत दिवसाला सुमारे १८० लिटर द्रव गाळला जातो, त्यातील दीडेक लिटरच मूत्र म्हणून बाहेर पडतो आणि गाळलेल्या युरियाचाही मोठा हिस्सा रक्तात परततो. तो युरिया कोठे व कसा घडतो, याचा उलगडा १९३२ मध्ये जर्मनीतील फ्रायबुर्ग येथे हान्स क्रेब्स आणि कुर्ट हेन्सेलाइट यांनी केला. प्रथिनांच्या विघटनातून निघणारा विषारी अमोनिया यकृतातील रासायनिक चक्रात युरियामध्ये बदलतो आणि ऑर्निथीन हे अमिनो आम्ल त्या चक्रात पुन्हा पुन्हा वापरले जाते, हे त्यांनी यकृताच्या पातळ कापांवर प्रयोग करून दाखवले.