वर्गणीचा वाद्यवृंद

संगीतकाराने वाद्ये विकत घेऊन ठेवण्याचा काळ संपला, हे मत आता जवळजवळ सर्वमान्य झाले आहे. घरी स्टुडिओ थाटणाऱ्या तरुणाला मित्र तेच सांगतात, जाणते अरेंजरही तेच सांगतात. ईस्टवेस्टचे कंपोजरक्लाउड घे, रोलँड क्लाउड घे, आउटपुटचे आर्केड घे. महिन्याची वर्गणी भरली की हजारो वाद्ये लॅपटॉपवर हजर होतात, काम संपले की वर्गणी थांबवायची. मग पैसा कशाला अडकवायचा?

हा पूर्वपक्ष मुद्दाम दुबळा करून मांडणे योग्य नाही, कारण त्यात बळ आहे. ईस्टवेस्टने २०१५ मध्ये ही योजना आणली तेव्हा ऑर्केस्ट्राची चांगली सॅम्पल लायब्ररी, म्हणजे वाद्यांच्या मुद्रित स्वरांचा संच, सहज हजार डॉलरच्या वर जात असे. नांदेडच्या किंवा सावंतवाडीच्या मुलाला तेवढे पैसे एकदम उभे करणे अशक्यच होते. ‘सैराट’साठी अजय-अतुल यांनी लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर सिम्फनी ऑर्केस्ट्रा बसवून ध्वनिमुद्रण केले. तसे करणे किती मराठी संगीतकारांच्या आवाक्यात आहे? उरलेल्यांना व्हायोलिनचा समूह ऐकायला आणि ऐकवायला मिळाला तो सॅम्पलमुळे, आणि त्यांतल्या अनेकांना सॅम्पल मिळाले ते वर्गणीमुळे. हे श्रेय वर्गणीला दिलेच पाहिजे.

या वाद्यांना ‘खोटी’ म्हणून झिडकारणाऱ्यांच्या बाजूनेही मी बोलत नाही. चांगल्या लायब्ररीसाठी खरे वादक खऱ्या सभागृहात बसून एकेक स्वर हळू, मध्यम आणि जोरात, पुन्हा पुन्हा वाजवतात. जवळच्या आणि लांबच्या माइकांवर तो वेगवेगळा टिपला जातो. त्यात कारागिरी आहे, कष्ट आहेत. गोव्याहून येऊन मुंबईच्या चित्रपट-स्टुडिओंत आयुष्य घालवलेल्या वादकांची कामे सिंथेसायझर आणि सीक्वेन्सरने हिरावली, ही वेदना खरी आहे. पण ती वर्गणीच्या आधीची आहे आणि तिचा विचार स्वतंत्रपणे व्हायला हवा. माझा आक्षेप आवाजाला नाही, तो कोणत्या अटीवर हाती येतो याला आहे.

मुळात ‘क्लाउड’ म्हटले की दूरच्या सर्व्हरवर वाद्य वाजते आणि आपण ते ऐकतो, ही समजूतच चुकीची आहे. कळ दाबल्यापासून कानावर आवाज येईपर्यंत दहा मिलिसेकंदांच्या आसपास वेळ गेला तर हाताला खटकत नाही. हवेतून ध्वनी सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, म्हणजे साडेतीन मीटरवर बसलेल्या साथीदाराचा आवाज आपल्यापर्यंत पोचायला जेवढा वेळ लागतो तेवढाच हा. संगणकावर सेकंदाला ४४,१०० नमुने आणि २५६ नमुन्यांचा बफर ठेवला, तर त्यातच जवळजवळ ६ मिलिसेकंद जातात. काचतंतूतून प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर धावतो. मुंबईहून फ्रँकफर्ट सरळ रेषेत साडेसहा हजार किलोमीटरच्या घरात आहे. जाऊन येऊन निव्वळ प्रवासाचेच ६५ मिलिसेकंद झाले, वाटेतले थांबे वेगळेच. इतक्या उशिराने कोणी द्रुत लयीत वाजवू शकत नाही. शेजारच्या हार्ड डिस्कवरून स्वर वाचायला लागणारा उशीरदेखील परवडत नव्हता. म्हणूनच १९९८ च्या सुमारास नेमेसिसच्या गिगासॅम्पलरने प्रत्येक स्वराचा आरंभीचा तुकडा रॅममध्ये ठेवून उरलेला स्वर वाजता वाजता डिस्कवरून ओढण्याची युक्ती काढली. आजच्या मोठ्या लायब्रऱ्या अजून त्याच तत्त्वावर चालतात.

त्यामुळे वर्गणी भरल्यावर प्रत्यक्षात घडते ते असे. शेकडो जीबींच्या फाइली आपण आपल्या इंटरनेटवर उतरवून घेतो, आपल्या एसएसडीवर साठवतो. वाजवतो आपला प्रोसेसर. दूर असते ती फक्त परवानगी, आणि ती ठरावीक काळाने ताजी करून घ्यावी लागते. वाद्य घरात आहे आणि त्याची किल्ली परक्याच्या हाती, अशी ही स्थिती आहे. आपण भाडे भरतो ते त्या किल्लीचे.

यावर उत्तर येते की वाद्ये भाड्याने घेणे आपल्याकडे नवे नाही. कार्यक्रमाला पेटी-तबला भाड्याने आणतोच की. हे खरे आहे, पण पेटी दुकानात परत गेली म्हणून कालची मैफल पुसली जात नाही. इथे नेमके तेच होते. संगीतकाराच्या प्रोजेक्ट फाइलमध्ये या वाद्यांचा आवाज नसतो. कोणता स्वर, किती वेळ, किती जोराने, आणि तो कोणत्या प्लगइनमधल्या कोणत्या वाद्याने वाजवायचा, एवढीच नोंद असते. परवानगी संपल्यावर ती फाइल उघडा. स्वर पडद्यावर दिसतील, ऐकू काही येणार नाही.

‘पण गाणे तर मिक्स होऊन बाहेर पडले, आता प्रोजेक्टचे काय काम?’ हा प्रश्न ज्याने पार्श्वसंगीत केलेले नाही त्यालाच सुचू शकतो. चित्रपटाचे संकलन शेवटच्या आठवड्यापर्यंत हलत असते. प्रसंग बारा सेकंदांनी कापला की संगीतही बारा सेकंदांनी कापून पुन्हा सांधावे लागते, आणि तेही तालाच्या मध्येच कात्री न लागता. दोन वर्षांनी निर्माता हिंदी आवृत्ती काढतो, मालिकेचे दुसरे पर्व येते, नाटकाचा नव्या संचात प्रयोग लागतो. आणि प्रत्येक वेळी मागणी असते ती ‘तेच, पण जरा वेगळे’ अशी. संगीतकाराचे पुढचे उत्पन्न बरेचदा त्याच्या मागच्या फाइलींतून येते. त्या उघडत्या राहाव्यात म्हणून वर्गणी चालू ठेवावी लागते, काम असो वा नसो. महिना वीस डॉलर धरले तर दहा वर्षांचे २४०० डॉलर होतात, आणि अकराव्या वर्षी हातात एकही वाद्य नसते. सुरुवातीला जी स्वस्ताई वाटली, ती जितकी गाणी मागे साठत जातील तितकी महाग होत जाते. गरीब संगीतकाराच्या नावाने या योजनेची भलामण करणाऱ्यांनी हा हिशेब त्याच्यासमोर मांडायला हवा.

आता सर्वांत वजनदार आक्षेप. विकत घेतलेले सॉफ्टवेअर तरी कुठे आपले असते? तोही परवानाच. २०१९ मध्ये मॅकओएस कॅटालिनाने ३२-बिट प्रोग्रॅम चालवणे बंद केले आणि पैसे मोजून घेतलेली कितीतरी जुनी प्लगइन एका अपडेटसरशी निकामी झाली. मालकी भ्रमच असेल तर भाड्याला नावे का ठेवायची?

आक्षेपातले तथ्य मला मान्य आहे, निष्कर्ष मान्य नाही. त्याला उत्तर गिगास्टुडिओच्या इतिहासात आहे. गिगासॅम्पलरची ही पुढची पिढी टॅस्कॅमकडे गेली आणि २००८ मध्ये कंपनीने ती बंद केली. हजारो संगीतकारांच्या लायब्रऱ्या त्या एका सॉफ्टवेअरवर अवलंबून होत्या. तरी त्या मेल्या नाहीत, कारण सॅम्पलच्या फाइली डिस्कवर लोकांच्या कपाटात होत्या. नेटिव्ह इन्स्ट्रुमेंट्सचा कोंटॅक्ट ते स्वरूप वाचू शकत होता; लिनक्ससॅम्पलर नावाचे खुले सॉफ्टवेअर तर त्या फाइली थेट वाजवते. वाजवणारे यंत्र गेले, आवाज राहिला. उघडता येणारी फाइल हाती असणे आणि नुसती परवानगी असणे यांतला हा फरक आहे. मालकी पूर्ण नाही म्हणून अर्धी मालकी आणि शून्य मालकी सारखीच ठरत नाही.

मालकीची ओढ किती टिकून आहे हे मार्च २०२३ मध्ये दिसले. आवाजावर संस्कार करणारी प्लगइन बनवणाऱ्या वेव्ह्ज कंपनीने कायमचे परवाने विकणे थांबवून फक्त वर्गणी ठेवण्याचे जाहीर केले. जगभरच्या ध्वनितंत्रज्ञांनी इतका गदारोळ केला की काही दिवसांतच कंपनीने निर्णय मागे घेतला. रोलँडनेही २०२० मध्ये आपल्या क्लाउडमधली वाद्ये ‘लाइफटाइम की’ म्हणून कायमची विकायला सुरुवात केली. मालकी जुनाट झाली असती तर लोकांनी ती इतक्या हट्टाने मागितली नसती.

पण पैसा आणि परवानगी यांपलीकडचा एक मुद्दा मला अधिक जवळचा वाटतो. परके वाद्य आपले कसे होते? हार्मोनियम पाहा. ती युरोपातून आली. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कोलकात्याच्या द्वारकानाथ घोष यांनी तिला जमिनीवर बसून एका हाताने भाता मारता येईल असे रूप दिले. मराठी रंगभूमीने तिला उचलले, गोविंदराव टेंबे यांनी तिला स्वतंत्र वादनाची प्रतिष्ठा मिळवून दिली. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी १९१० मध्ये बावीस श्रुतींवरचे पुस्तक लिहिले, आणि क्लेमेंट्स या इंग्रज अधिकाऱ्याच्या जोडीने श्रुति-हार्मोनियमचा ध्यास घेतला. १९१६ च्या बडोद्याच्या संगीत परिषदेत त्या पेटीवर वाद झाला. त्यांचे गणित बरोबर होते की नाही हा प्रश्न वेगळा, पण पेटी उघडून सूर घासायला, बदलायला त्यांना कोणाची परवानगी लागली नाही. आपल्या काळात डॉ. विद्याधर ओक यांनी बावीस श्रुतींची पेटी घडवली तीही त्याच वाटेवर. आकाशवाणीने १९४० पासून सुमारे तीन दशके हार्मोनियमला दार बंद केले, तरी ती संपली नाही. कारण ती घराघरांत, देवळांत, नाटक कंपन्यांच्या ट्रंकांत होती. दिल्लीहून कोणी ती मुकी करू शकत नव्हते.

वर्गणीची वाद्ये बहुतेक कुलूपबंद स्वरूपात असतात. आतले सॅम्पल काढता, बदलता किंवा त्यांत भर घालता येत नाही. पाश्चात्त्य वाद्यवृंदापुरते ते चालूनही जाईल. आपल्या संगीताचे तिथे अडते. सतारीवर मींड घेताना वादक बाजाची तार पडद्यावर आडवी ओढतो. स्वर चढतो, पण खालच्या तरफांच्या तारा आपापल्या स्वरात स्थिर राहतात. ज्या तरफेचा स्वर वाटेत लागेल ती तेवढी जागी होते. सॅम्पलमध्ये तरफांचा नाद मूळ मुद्रणातच मिसळलेला असतो. पिच बेंडने स्वर वर नेला की तरफाही फरफटत वर जातात आणि ऐकणाऱ्याला नेमके काय बिघडले हे सांगता आले नाही तरी काहीतरी बिघडल्याचे जाणवते. यावर उपाय आहे. तरफा वेगळ्या मुद्रित करून वेगळ्या थरात ठेवायच्या, म्हणजे बेंड फक्त बाजाच्या तारेला लागतो. पण त्यासाठी वाद्य आतून उघडता आले पाहिजे. देवलांना जे करता आले ते मिरजेच्या किंवा कोल्हापूरच्या आजच्या मुलाला करता येत नसेल, तर हजारो वाद्ये त्याच्या हाती आली असे मी म्हणणार नाही.

शिवाय सॅम्पलचे वाद्यही शिकावे लागते. अमुक लायब्ररीचा लेगाटो, म्हणजे सांधून वाजवलेला स्वर, किती उशिरा पोचतो आणि म्हणून ट्रॅक ठोक्याच्या किती आधी सरकवावा, मॉड व्हील कुठे आले की व्हायोलिनचा रंग पालटतो, कोणता स्वर सभागृहात जास्त घुमतो, हे हाताला कळायला काही महिने तरी जातात. वर्गणी थांबली की ही बोटांतली विद्याही बिनकामाची होते.

तेव्हा माझे म्हणणे असे. जाहिरातीच्या एका कामाला एखादे दुर्मीळ वाद्य महिनाभर हवे असेल तर वर्गणी खुशाल घ्यावी आणि ती त्या कामाच्या बिलात लावावी. पण ज्या वाद्यांवर आपली ओळख उभी आहे ती चार-पाचच असली तरी कायमची घ्यावीत, आणि इन्स्टॉलर व सॅम्पल वेगळ्या डिस्कवर जपावेत. काम संपल्यावर प्रत्येक ट्रॅकचा स्टेम, म्हणजे त्याचे स्वतंत्र मुद्रण, ऑडिओत आणि स्वरांची नोंद मिडीत काढून ठेवल्याशिवाय प्रोजेक्ट बंद करू नये. पैसे नसतील त्याने व्हीएससीओ २ कम्युनिटी एडिशनपासून सुरुवात करावी. हा छोटा वाद्यवृंद मोफत आहे, त्यावर कसलीही अट नाही आणि फाइली तुमच्याच.

आणि आपली वाद्ये आपणच मुद्रित करावीत. परदेशी यादीत ‘भारतीय’ म्हणजे सतार आणि तबला. संबळ, हलगी, तुणतुणे, सुंदरी कुठे शोधायची? घुमटाला गोवा सरकारने २०१९ मध्ये वारसा वाद्य म्हणून मान दिला. त्याचे नीट सॅम्पलही प्रत्येक गोमंतकीय संगीतकाराच्या संगणकावर असायला हवेत. संबळाच्या दोन्ही तोंडांवरचे निरनिराळे आघात, प्रत्येक आघात चार-पाच ताकदींत, आणि तोच तोच ठोका यांत्रिक वाटू नये म्हणून प्रत्येक ताकदीत सहा-सात वेळा, एवढे टिपायला दोन चांगले माइक, एक शांत खोली आणि एक जाणता गोंधळी पुरतो. फाइली डब्ल्यूएव्ही स्वरूपात ठेवाव्यात, मांडणी एसएफझीत करावी; ती साधी मजकुराची फाइल असते आणि कोणत्याही कंपनीवाचून उघडते. वादकाला दिवसाचे मानधन द्यावे, लायब्ररीवर त्याचे नाव घालावे आणि विक्री झाल्यास त्याचा वाटा किती, हे मुद्रणाआधी कागदावर लिहून घ्यावे. मुंबई विद्यापीठाची लोककला अकादमी आणि गोव्याची कला अकादमी यांच्याकडे वादकांची ओळखही आहे आणि विद्यार्थीही आहेत. एकेका वाद्यापासून त्यांनी हे काम सुरू करावे, आणि तयार झालेल्या फाइली कोणालाही उतरवून घेता येतील, बदलता येतील, अशा खुल्या परवान्याने द्याव्यात.